माणसावर माहितीपट करताय? या चुका टाळा, निदान 1 जूनची तरी

टीव्हीसाठी माणसांवर माहितीपट करायचे म्हणून नवी पोरं भेटायला येतात. ड्रोन घेतलेला असतो, वाचन बाकी असतं. एकाने मला बहिणाबाईंच्या हस्ताक्षरातली वही कुठे मिळेल असं विचारलं. अरे बाबा, त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं! मुलगा सोपानदेव आणि नात्यातले पितांबर चौधरी यांनी उतरवून घेतलं म्हणून 1952 साली पुस्तक निघालं. तोवर बहिणाबाई गेल्या होत्या.

पण सगळ्यात महागात पडते ती शाळेच्या दाखल्यावरून उचललेली जन्मतारीख. पूर्वी पोराला शाळेत घालायला बाप किंवा काका जायचा, त्याला तारीख कुठली आठवायला? मास्तर 1 जून टाकून मोकळे. अर्ध्या गावाचा वाढदिवस एकाच दिवशी! हे ठाऊक असून मी फसलो. शिरपूरकडच्या एका दिवंगत शिक्षकांवर सव्वीस मिनिटांचा माहितीपट केला, निवेदन 1 जूनपासूनच सुरू. गावात मंदिरासमोर पडदा लावला. पहिल्याच वाक्याला त्यांची थोरली बहीण उठली. “मना भाऊ आखाजीले जन्मना व्हता. झोका बांधेल व्हता.” आखाजी म्हणजे अक्षय तृतीया, ती एप्रिल-मेमध्ये येते, 1 जूनला येणारच नाही. गाव हसलं, मी घामाघूम. पुन्हा निवेदक, पुन्हा स्टुडिओ, पुन्हा मिक्सिंग, सगळं पदरचं.

तेव्हापासून मी तारीख विचारतच नाही. सण कोणता होता, कापूस वेचणी चालू होती का, असं विचारतो आणि जुनं पंचांग काढून बसतो. नाहीच जुळलं तर निवेदनात तारीख घेत नाही.

दुसरी चूक चहाची. तुम्ही लाइट लावेपर्यंत आजोबा ओट्यावर सगळ्यात भारी किस्सा सांगून टाकतात. कॅमेरा सुरू झाला की म्हणतात, “मघाशी सांगितलंच ना.” दुसऱ्यांदा सांगितलेला किस्सा शिळ्या भाकरीसारखा, पोट भरतं, चव येत नाही. मी उंबऱ्यातच विचारून माइक लावतो, मग पाणी, मग चहा.

तिसरी चूक, माणसाचं नुसतं मरण दाखवायची. बालकवी म्हटलं की भादली स्टेशन आणि धावती मालगाडी. 1918 साली ते तिथे रेल्वेखाली गेले, खरंय. पण त्याआधी माणूस सत्तावीस वर्षं जगलाही होता.

मे महिन्यात मुलाखत सकाळी सातला घ्या. दुपारी कूलर बंद केला तर आजोबा बसणार नाहीत, चालू ठेवला तर आवाज वाया. फुटेजच्या तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्याच्या घरी.

आणि भिंतीवरचा फोटो घरी नेऊ नका, तिथेच स्कॅन करा. हार उतरवायचा तर सुनेला नाही, म्हातारीला विचारा. फ्रेमच्या मागचा पुठ्ठा जपून उघडा, फोटो स्टुडिओचा शिक्का पुष्कळदा तिथे सापडतो. मग चुका पुन्हा ठोकून द्या, म्हणजे फ्रेमच्या.