काळाची खूण वाळूत काढताना

काळ फिरवणाऱ्या मंत्रखुणांची गोष्ट लिहायची ठरवली तेव्हा मी गोष्ट सोडून खुणाच काढत बसले. दोनशेपानी वहीत चाळीसएक आकृत्या झाल्या. पहिला मसुदा आतेभावाने वाचला आणि एकच विचारलं, "ताई, तुझी नायिका काळ मागे नेते ना? मग बाप बुडाला तेव्हाच का नाही नेला?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. तुम्ही अशी कथा पहिल्यांदाच लिहिणार असाल तर वही उघडण्याआधी हा प्रश्न स्वतःला विचारा. वाचक तो विचारणारच.

मला उत्तर घरामागच्या पुळणीवर मिळालं. आमच्याकडे जुनी माणसं भरतीची वेळ तिथीवरून काढतात. तिथीला तिनाने गुणायचं, चाराने भागायचं. चतुर्थीला तीनच्या सुमारास भरती, अष्टमीला सहाच्या. ही वेळ रोज साधारण ५० मिनिटांनी पुढे सरकते. जुनी घटिका २४ मिनिटांची, म्हणजे दिवसाला जवळपास दोन घटिका. पूर्ण सुकतीपासून, म्हणजे ओहोटीपासून, पूर्ण भरतीपर्यंत सहा तास बारा मिनिटांच्या आसपास लागतात, त्या झाल्या साडेपंधरा घटिका. हे आकडे वहीत मांडले आणि माझ्या जगाला लागणारं सगळं गणित तयारच आहे हे कळलं.

त्या जगाचं नाव सप्तखाडी. तिथे काळखूण फक्त ओल्या वाळूत चालते, आणि भरतीचं पाणी येऊन ती पुसेपर्यंतच. एका खुणेने जास्तीत जास्त तीन घटिका मागे जाता येतं. बाप बुडाला तो अमावास्येच्या भर दुपारी, उधाणाच्या भरतीत, खाडीच्या तोंडाशी. मुलगी धावत आली तेव्हा सगळी पुळण पाण्याखाली होती. खूण काढायला वाळूच नव्हती. वाळू उघडी पडेपर्यंत तीन घटिका केव्हाच उलटून गेल्या. हा प्रसंग लिहिताना मी रडले, आणि तेव्हाच नियम बरोबर बसल्याची खात्री पटली. जादूला मर्यादा घालताना "शक्ती कमी पडली" असं मोघम लिहू नका. कुठल्या तिथीला, किती वाजता, कशामुळे कमी पडली ते तुम्हाला सांगता आलं पाहिजे.

किंमतही ठरवावी लागते. जादू करणाऱ्याचं आयुष्य घटतं, हे फार वापरून झालंय. सप्तखाडीत उसनी घटिका त्याच गावातल्या दुसऱ्या कुणाची तरी जाते. कुणाची होडी उशिरा लागते, कुणाच्या पोराचा ताप उतरायला वेळ लागतो. त्यामुळे पंचांग पाठ असलेल्या म्हातारीला गाव मानतंही आणि घाबरतंही.

चाळीसपैकी तीनच खुणा उरल्या. काळ पळवणारी उधाण, रेंगाळवणारी भांग आणि मागे फिरवणारी वळण. नावं कोळ्या-खारव्यांच्या रोजच्या बोलण्यातली, उधाण म्हणजे मोठी भरती आणि भांग म्हणजे मंद भरती, म्हणून कथेत फार समजावून सांगावी लागत नाहीत.

आकृती कागदावर सुंदर दिसते म्हणून ठेवू नका, जिथे ती काढली जाणार तिथे स्वतः काढून बघा. माझी वळण म्हणजे आठ वेढ्यांचं चक्र होतं. काठीने वाळूत काढलं तर पाचव्या वेढ्यालाच कडा ढासळल्या. आता ती चार रेघांची आहे, आणि रेघांचा क्रम ठिपक्यांच्या रांगोळीसारखा पक्का. क्रम चुकला तर काय होतं, यावर माझी दोन प्रकरणं उभी राहिली. देवनागरी अक्षरासारखी दिसणारी खूणही टाळा, आपला वाचक ती आधी वाचूनच टाकतो. गोपद्म, स्वस्तिक यांना घराघरात अर्थ आहे. त्यांच्यावर तुमचा नवा अर्थ चिकटत नाही, आणि चिकटवूही नये.

कातळशिल्पं, म्हणजे कोकणात जांभ्या खडकाच्या माळावर, सड्यावर, कोरलेली जुनी चित्रं, बघायला मात्र जरूर जा. कशेळीचा हत्ती सुमारे १८ मीटर लांब आहे, आणि त्याच्या पोटात कितीतरी प्राणी कोरलेत. बारसू, उक्षी, देवाचे गोठणे, कुडोपी ही ठिकाणंही त्यातलीच. २०२२ साली कोकणातली ही शिल्पं युनेस्कोच्या संभाव्य यादीत आली. ती कोणी आणि कशासाठी कोरली याचं पक्कं उत्तर अजून कुणाकडे नाही, म्हणून त्यांचे आकार उचलून "ही काळाची खूण" असं कथेत लिहू नका. कडेने उभं राहा, रेघांवर पाय देऊ नका, खडूने भरू नका. मी तिथून आकार घेतला नाही, एक प्रश्न घेऊन आले. जांभ्यात कोरलेल्या खुणेपर्यंत भरती पोचतच नाही, मग उसना घेतलेला काळ परत कधी करायचा?

सप्तखाडीच्या सड्यावर तशी एकच खूण आहे. तिच्या शेजारच्या वाडीत अजून तीच दुपार चालू आहे.