मालिका करता करता डबिंगसाठी डेमो कसा बनवाल

मालिकेत काम करणाऱ्या नटाला डबिंगही करायचं असेल, तर स्टुडिओंना पाठवायला आवाजाचा डेमो हवाच. लांबी 60 ते 90 सेकंद. त्यात जाहिरात, माहितीपट, कार्टून, खलनायक असे चार-पाच तुकडे. सगळ्यात सहज जमणारा आवाज पहिला ठेवा.

रेकॉर्डिंग कपड्यांनी भरलेल्या उघड्या कपाटासमोर करा, पंखा बंद. माइक तोंडापासून वीतभर लांब आणि किंचित बाजूला. अगदी समोर असला तर ‘प’, ‘फ’, ‘भ’ला हवेचा फटका बसतो आणि तो नंतर नीट निघत नाही. ओठांसमोर तळहात धरून ‘पाऊस, फळ, भाकरी’ म्हणून बघा. जिथे वारा लागतो, तिथे माइक नको. रेकॉर्डिंगच्या अ‍ॅपमध्ये फाइलचा प्रकार वेव्ह (WAV), 48 किलोहर्ट्झ, 24 बिट असा निवडा. आवाजाची पातळी उणे 6 डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका.

डबिंगचा सराव वेगळा. मूळ नट श्वास कुठे घेतो, तिथे संहितेवर तिरकी रेघ मारा. मराठी वाक्य बरेचदा लांबतं. पडद्यावरचे ओठ मिटतात आणि आपलं ‘आहे’ मागे लोंबकळतं. तेव्हा वेग वाढवू नका, वाक्य आखडा: ‘मी तुला सोडणार नाही आहे’ऐवजी ‘सोडणार नाही तुला’. आरडाओरड्याचे संवाद शेवटी घ्या, नाहीतर बसलेल्या घशाने उरलेली हळवी दृश्यं करावी लागतात.