एडविना माउंटबॅटन यांचे चरित्र-टिपण कसे लिहावे

एडविना या भारताचे अखेरचे व्हाइसरॉय लॉर्ड माउंटबॅटन यांच्या पत्नी; तरी त्यांच्या टिपणाचा आरंभ दिल्लीतील व्हाइसरॉय हाउसपासून करू नये. १९०१ मधील जन्म, आजोबा सर अर्नेस्ट कॅसल यांच्याकडून वारशाने आलेली मोठी संपत्ती आणि १९२२ मधील विवाह एवढे थोडक्यात सांगून दुसऱ्या महायुद्धाकडे वळावे, कारण त्यांच्या लोकसेवेला खरा आकार त्या काळात सेंट जॉन ॲम्ब्युलन्स ब्रिगेड या प्रथमोपचार व रुग्णसेवा करणाऱ्या स्वयंसेवी संघटनेच्या कामातून आला. युद्ध संपताच त्यांनी आग्नेय आशियातील युद्धकैद्यांच्या छावण्यांना दिलेल्या भेटीही नोंदवाव्यात.

सर्वाधिक जागा १९४७ च्या फाळणीतील मदतकार्याला द्यावी. निर्वासितांसाठी झटणाऱ्या अनेक संस्थांच्या कामात मेळ घालणाऱ्या मंडळाचे नेतृत्व त्यांनी केले आणि तत्कालीन आरोग्यमंत्री राजकुमारी अमृत कौर यांच्यासह छावण्या व रुग्णालये स्वतः फिरून पाहिली. हे काम केवळ विशेषणांनी न गौरवता तपशिलाने मांडावे.

नेहरूंशी असलेल्या स्नेहाचा उल्लेख टाळू नये, मात्र त्याने सारे टिपण व्यापू देणे हा त्यांच्या कार्यावर अन्याय आहे, असे मला मनापासून वाटते. अखेरीस २१ फेब्रुवारी १९६० रोजी उत्तर बोर्निओतील जेसलटन (आजचे मलेशियातील कोटा किनाबालू) येथे, सेंट जॉनच्याच दौऱ्यावर असताना, त्यांचे निधन झाल्याची नोंद करावी.