सुटलेला माणूस तुरुंगात परत का येतो? या अभ्यासात नव्याने येणाऱ्यांसाठी

समाजकार्य, मानसशास्त्र, कायदा शिकणारी मुलं दरवर्षी भेटायला येतात. विषय बहुतेकांचा ठरलेला असतो, 'कैद्यांचं पुनर्वसन', आणि घाई असते ती येरवड्याच्या आत जायला कधी मिळेल याची. मी त्यांना आधी दुसरंच विचारते. तुमच्या प्रबंधात 'परत गुन्हा केला' म्हणजे नेमकं काय धरणार? परत अटक झाली, परत दोष सिद्ध झाला, की परत तुरुंगात आला? यातलं काय मोजायचं ठरवता त्यावर निष्कर्ष पार उलटा होऊ शकतो.

अमेरिकेत २००५ मध्ये ३० राज्यांच्या तुरुंगांतून सुटलेल्यांचा तिथल्या सरकारी सांख्यिकी विभागाने नऊ वर्षं माग ठेवला. पहिल्या तीन वर्षांत सुमारे ६८ टक्के आणि नऊ वर्षांत ८३ टक्के लोकांना एकदा तरी पुन्हा अटक झाली. त्यासमोर नॉर्वेचे २० टक्के मांडायची पद्धत पडली आहे. पण नॉर्वेचा आकडा दोन वर्षांचा आहे आणि त्यात मोजली आहे ती नवी शिक्षा, अटक नव्हे. नॉर्वेकडून शिकण्यासारखं पुष्कळ आहे, तरी हे दोन आकडे एका तक्त्यात घालू नका.

आपल्याकडे राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाचा तुरुंगांविषयीचा अहवाल दरवर्षी निघतो. तो मुळातून वाचा, वर्तमानपत्रातल्या बातमीवरून नको. २०२२ अखेर देशातल्या तुरुंगांत सुमारे ५.७३ लाख माणसं होती आणि त्यांतले जवळजवळ ७६ टक्के कच्चे कैदी, म्हणजे खटला अजून चालू असलेले. ज्यांचा गुन्हाच सिद्ध झालेला नाही त्यांची 'सुधारणा' कशी मोजणार? परदेशी अभ्यासांची मांडणी उचलून इथे लावणाऱ्याची पहिली अडचण हीच असते.

यापुढचा मुद्दा मला सगळ्यांत जवळचा आहे. पुन्हा अटक झाली ही नोंद माणसाच्या वागण्याची असते, तितकीच पोलिसांच्या नजरेचीही असते. येरवड्याचा तुरुंग १८७१ चा आणि काही जमातींना जन्मानेच गुन्हेगार ठरवणारा गुन्हेगार जमाती कायदाही १८७१ चाच. तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला. ३१ ऑगस्ट हा विमुक्त दिन म्हणून पाळतात तो त्यामुळेच. पण पाठोपाठ सराईत गुन्हेगारांचे कायदे आले, मुंबई राज्याचा १९५९ मध्ये. परिसरात चोरी झाली की पोलिसांची पहिली जीप त्या कायद्याने गुन्हेगार ठरवलेल्या पारध्यांच्या पालावर जाते, हे त्या वस्त्यांमध्ये कोणीही सांगेल. अशा वस्तीतल्या तरुणाच्या नावावर चार अटका दिसल्या, तर तो चार वेळा चुकला की चार वेळा सापडला, हे नुसत्या आकड्यातून कळत नाही. ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगातल्या जातिभेदावर निकाल दिला. कैद्यांच्या नोंदवह्यांतला जातीचा रकानाच काढून टाकायला सांगितला आणि 'सराईत' ही व्याख्या कायद्यात आहे तेवढ्यापुरतीच वापरायला सांगितली. तो निकाल पूर्ण वाचल्याशिवाय प्रश्नावली लिहायला बसू नका.

सिद्धांत लवकर वाचून होतात. अमेरिकी समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मार्टिन्सन यांच्या १९७४ च्या लेखावरून, कैदी सुधारायला 'कशाचाच उपयोग होत नाही' हा समज पसरला. १९७९ मध्ये त्यांनी स्वतःच तो बराचसा मागे घेतला, पण ते वाचायला फारसं कोणी थांबलं नाही. पुढे कॅनडातल्या अँड्र्यूज आणि बॉन्टा यांनी धोका, गरज आणि प्रतिसाद या तीन कसोट्या मांडल्या, म्हणजे मदत कोणाला जास्त द्यायची, कशावर काम करायचं आणि ते त्या माणसाला पेलेल असं कसं करायचं. सॅम्पसन आणि लॉब यांनी बॉस्टनच्या, लहानपणी गुन्ह्यांत सापडलेल्या मुलांचा माग म्हातारपणापर्यंत काढला, तेव्हा लग्न, स्थिर काम, बदललेली संगत यांचं वजन दिसलं. मुलांना तुरुंग दाखवून घाबरवायचे कार्यक्रम तर उलटे पडतात, त्याने गुन्हे वाढतात, हे अनेक प्रयोग एकत्र तपासून दिसलं आहे. पुण्यात कोयते घेऊन दहशत माजवणाऱ्या पोरांच्या बातम्या आल्या की 'या पोरांना एकदा येरवडा दाखवा' असं कोणीतरी म्हणतंच. तेव्हा हे पुराव्यानिशी सांगता यायला हवं.

एक सापळा मात्र नीट समजून घ्या. खुल्या कारागृहातून, म्हणजे कैदी कमी पहाऱ्यात राहून काम करतात अशा तुरुंगातून, सुटलेले कमी परततात असं दिसलं, तर श्रेय खुल्या कारागृहाचं की निवडीचं? तिथे मुळात चांगल्या वर्तणुकीचे, भरवशाचे कैदीच पाठवतात. औंध संस्थानाने १९३९ मध्ये आटपाडीजवळ वसवलेली स्वतंत्रपूर ही कैद्यांची खुली वसाहत हा आपला अभिमानाचा प्रयोग आहे, मी विद्यार्थ्यांना तिथे मुद्दाम जायला सांगते. पण तुलनेसाठी तसाच दुसरा गट नसेल, तर 'परिणाम' हा शब्द लिहू नका.

परवानगीच्या बाबतीत पुणेकर नशीबवान. राज्याच्या कारागृह विभागाचं मुख्यालय इथेच आहे. संस्थेचं पत्र, नैतिकता समितीची मान्यता आणि मराठीतली पूर्ण प्रश्नावली सोबत जोडून अर्ज करा. गृह मंत्रालयाच्या २०१५ च्या सूचनांनंतर बाहेरच्यांना आत सोडण्याचे नियम कडक झाले आहेत, तेव्हा वेळ लागतो. तोपर्यंत हात बांधून बसू नका. शिवाजीनगर न्यायालयात रिमांडचं काम बघा. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात विधी स्वयंसेवक व्हा. माहिती अधिकारात नावं मागू नका, संख्या मागा. उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे. ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या संकेतस्थळावर खटले शोधताना एकाच माणसाचं नाव इंग्रजीत तीन तऱ्हांनी लिहिलेलं सापडेल. वडिलांचं नाव, पोलीस ठाणं आणि गुन्हा क्रमांक जुळल्याशिवाय दोन नोंदी एकाच माणसाच्या धरू नका.

मुलाखतीत कच्च्या कैद्याला त्याच्या केसबद्दल विचारायचं नाही. तुमच्या वहीला कायद्याचं संरक्षण नाही, उद्या ती न्यायालयात मागवली जाऊ शकते. तुरुंगात मिळणारा होकार कितपत मोकळा असतो हाही प्रश्नच आहे, म्हणून साहेबांच्या देखत होकार घेऊ नका. 'गुन्हा का केलात?' याचं पाठ झालेलं उत्तर मिळतं. 'सुटलात त्या रात्री कुठे झोपलात, काका?' असं विचारलं की माणूस बोलायला लागतो.

आणि खरा विषय तिथेच सुरू होतो. वॉशिंग्टन राज्यातल्या २००७ च्या अभ्यासात सुटकेनंतरच्या पहिल्या दोन आठवड्यांत मृत्यूचा धोका इतरांच्या जवळजवळ तेरापट निघाला, आणि त्याचं सर्वांत मोठं कारण अमली पदार्थ होतं. आपल्याकडे त्या दिवसांत खिशात पुरेसे पैसे नसतात, आधार कार्ड कुठल्याशा पिशवीत राहिलेलं असतं, भाड्याची खोली गेलेली असते. सिक्युरिटीच्या नोकरीला पोलिसांचा चारित्र्य दाखला लागतो. जामिनावर सुटलेला मजूर प्रत्येक तारखेला एक दिवसाची हजेरी गमावतो. दोन तारखा चुकल्या की वॉरंट निघतं आणि तो पुन्हा आत जातो. कुठलाही नवा गुन्हा न करता हा माणूस तुमच्या तक्त्यात 'परत आला' म्हणून चढतो. अशा परतीसाठी वेगळा रकाना ठेवा. माझ्या मते नव्या अभ्यासकाला इथे सर्वांत मोलाचं काम करता येईल.

नोकरीचं विचाराल तर महिला व बालविकास विभागातली परिवीक्षा अधिकाऱ्याची (प्रोबेशन ऑफिसर) पदं बघा, त्याचं आयुक्तालयही पुण्यातच आहे. टाटा समाजविज्ञान संस्थेचा 'प्रयास' हा प्रकल्प १९९० पासून तुरुंग आणि न्यायालयांत काम करतो आहे. तिथल्या कार्यकर्त्यांनी लिहिलेलं वाचा, जमल्यास त्यांच्याबरोबर काही महिने काम करा. पगार मोठा नसतो. पण सुटकेच्या दुसऱ्या दिवशी माणसाला कुठे फोन करायचा, कोणत्या कार्यालयात कोणता कागद लागतो, हे सगळं त्यांना तोंडपाठ असतं.