तिसरा साक्षीदार कोठे शे?

आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, आसपास घरात लग्न असेल तर नोंदणीची फाईल हळदीच्या आधीच बांधा. लग्न लागल्यापासून ९० दिवस मिळतात खरे, पण पाहुणे काही ९० दिवस थांबत नाहीत.

आधार, फोटो, शाळा सोडल्याचा दाखला हे सगळ्यांना माहीत असतं. दोन लग्नपत्रिका बाजूला काढून ठेवा. आमच्याकडे छापल्या पाचशे, आणि शेवटी सापडली ती देव्हाऱ्यातली, हळदकुंकू लागलेली.

आता साक्षीदार. तीन लागतात. राज्याचा विवाह नोंदणीचा १९९८ चा कायदा तीन म्हणतो. कोर्ट मॅरेज, म्हणजे १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने करणार असाल, तरी तीनच. धाकट्या भावाच्या वेळी मुलाकडचा एक, मुलीकडचा एक, झालं, असं आम्ही धरून चाललो. नोंदणी कार्यालयात टेबलापलीकडून प्रश्न आला, "तिसरा कोठे शे?" मामेभाऊ तर आदल्याच रात्री सुरतेला, लूमवर परत गेलेला. मग सोबत आलेल्या भाच्याला पुढे केलं. सहा फूट उंच, मिशी फुटलेली. आधारवरचं जन्मवर्ष निघालं आणि त्याला बाकावर बसवलं. सतरावं चालू होतं.

तेव्हा तिसरा आजच ठरवा. अठरा पूर्ण झालेला, लग्नात हजर असलेला, त्या दिवशी स्वतः येणारा, खिशात मूळ आधार असलेला. घरून सही करून आणलेला कागद चालत नाही. सुरत-पुण्याचा धरू नका, गावातलाच घ्या. पण त्याच दिवशी त्याच्या केळीची गाडी भरायची नाही ना, तेही विचारून ठेवा. अशानेच आमची दुसरी तारीख गेली. चौथा राखीव ठेवलात तर कोणी हसणार नाही.

अर्जावर भटजींचीही सही असते. ती मांडवातच घ्या, लग्नसराईत ते नंतर सापडत नाहीत. १०० रुपयांचं कोर्ट फी तिकीट घ्या. नावांची अक्षरं आधारप्रमाणेच. विशेष विवाह कायद्यात आधी ३० दिवसांची नोटीस, ती तीन महिने चालते. बाकी तिथे गेल्यावर सांगतात.

निघताना गाडीत मोजा. नवरा, नवरी, एक, दोन... तिसरा बसला का?