प्रतिरूप कसे ओळखावे: नामे सोडा, क्रियापदे धरा

प्रतिरूपांचा, म्हणजे पुढे ख्रिस्तात पुन्हा दिसणाऱ्या जुन्या करारातल्या प्रसंगांचा, अभ्यास बहुतेक ख्रिस्ती मंडळ्यांत तक्त्याने सुरू होतो. डावीकडे जुना करार, उजवीकडे ख्रिस्त, मध्ये बाण. सोने म्हणजे देवत्व, चांदी म्हणजे खंडणी, निळा म्हणजे स्वर्ग, किरमिजी म्हणजे रक्त. असा तक्ता मीही कित्येक वर्षे पदरचे झेरॉक्सचे पैसे घालून वाटला आहे. तो फाडायला मला फार उशीर झाला. तुम्ही तो बनवूच नका.

आधी शब्दाचा गोंधळ मिटवू. भाकीत म्हणजे पुढे काय होणार ते बोलून ठेवणे. रूपककथेत गोष्ट हे नुसते टरफल असते, अर्थ काढून घेतला की टरफलाचे काम संपते. प्रतिरूपाचे तसे नाही. मूळ प्रसंग आपल्या जागी, आपल्या काळात पुरता खरा असतो. त्याचीच घडण पुढे मोठ्या प्रमाणावर पुन्हा दिसते. ग्रीक शब्द ‘तुपोस’. घाव घालून किंवा दाबून उमटलेला ठसा, असा त्याचा अर्थ. योहान २०:२५ मध्ये थोमा खिळ्यांचे व्रण पाहायला मागतो, तिथे हाच शब्द आहे. रोम ५:१४ मध्ये पौल तो आदामासाठी वापरतो. ठसा म्हटल्यावर आकार जुळायला हवा, रंग नव्हे. एवढे लक्षात राहिले तरी पुढचे निम्मे घोटाळे टळतात.

उतारा निवडणे

नव्या करारानेच बोट ठेवलेले उतारे आधी घ्या: आदाम (रोम ५), वल्हांडणाचा, म्हणजे मिसरातून सुटकेच्या रात्रीच्या सणाचा, कोकरा (१ करिंथ ५:७), रानातला पितळी साप (योहान ३:१४), योना (मत्तय १२:४०), जलप्रलय (१ पेत्र ३), निवासमंडप, म्हणजे रानातला उपासनेचा तंबू (इब्री ८ ते १०). हे वहीत पेनाने लिहा. तुम्हाला स्वतःला सुचलेली प्रतिरूपे पेन्सिलीने.

जुनी गोष्ट जुनीच म्हणून वाचणे

ख्रिस्ताचे नाव न घेता एकदा सगळा उतारा वाचा, मागचापुढचा अध्याय धरून. कंटाळा आला तरी वाचा.

होशेय ११:१ घ्या. देवाने आपल्या पुत्राला मिसरातून बोलावले, असे तिथे आहे, आणि मत्तय २:१५ मध्ये ते बाळ येशूला लावलेले आहे. लोक म्हणतात, बघा, भाकीत! पण होशेय पुढचे काही सांगतच नाही, तो मागचे आठवतो आहे. पुत्र म्हणजे इस्राएल. लगेच पुढच्या वचनात हाच पुत्र बआलांपुढे, म्हणजे परक्या देवांपुढे, यज्ञ करतो आहे. ११:१ सरळ येशूविषयीचे भाकीत धरले, तर ११:२ कोणाचे धरायचे? मत्तयाला हे कळत नव्हते असे समजू नका. त्याच्या चौथ्या अध्यायात येशू चाळीस दिवस रानात आहे आणि सैतानाला दिलेली तिन्ही उत्तरे अनुवादाच्या पुस्तकातून, म्हणजे इस्राएलाच्या चाळीस वर्षांच्या आठवणीतून येतात. जिथे पहिला पुत्र घसरला तिथे हा उभा राहिला, हे त्याला दाखवायचे आहे. होशेयाची तक्रार ऐकली नाही, तर मत्तयाचे म्हणणेही हातचे जाते.

मधला पूल शोधणे

ही पायरी कोणी सांगत नाही. जुन्या करारातल्या प्रसंगावरून थेट क्रुसावर उडी मारू नका. त्या प्रसंगाची आठवण जुन्या करारातच पुढे कोणी काढली आहे का, ते पाहा. यशया ४३:१६–१९ मध्ये समुद्रातली वाट, बुडालेले रथ-घोडे, म्हणजे मिसरातून निघणे, हे सगळे आठवून संदेष्टा म्हणतो, ते जुने आता मनात आणू नका, नवे काही घडते आहे, आता वाट रानातून निघणार आहे. तो बाबेलात अडकलेल्यांशी बोलतो आहे. एका सुटकेच्या साच्यात दुसरी सुटका पाहायची ही सवय नव्या कराराच्या लेखकांनी नव्याने काढलेली नाही, ती त्यांना संदेष्ट्यांकडून मिळाली. पूल सापडला की निम्मी लढाई जिंकली. नाही सापडला तर पेन्सिल.

कोणता तपशील धरायचा, कोणता सोडायचा

माझी दांडी उडाली ती इथे. म्हणून इथे जरा थांबतो.

निवासमंडपावर मी सलग आठ आठवडे अभ्यास घेत होतो. कराराच्या कोशापाशी, म्हणजे दहा आज्ञांच्या पाट्या ठेवायच्या पेटीपाशी, पोचलो. बाभळीचे लाकूड, वरून सोने. मी फळ्यावर लिहिले: लाकूड म्हणजे मानवपण, सोने म्हणजे देवपण, बाभळीला काटे असतात, म्हणून काट्यांचा मुकुट. मला स्वतःलाच ते फार आवडले होते. मागे बसलेल्या एका सुतारकाम करणाऱ्या भावाने हात वर केला. “सर, बाभूळ चिवट असते, गाडीच्या चाकाला, औताला आम्ही तीच घालतो. पण त्या वाळवंटात दुसरं लाकूड मिळत होतं का?”

नव्हते मिळत. सीनायच्या रानात घडीव कामाला येईल असे लाकूड म्हणजे बाभळीच्या भावकीतलीच झाडे. लाकूड हवे होते, जे उगवत होते ते घेतले. माझ्या काट्यांच्या मुकुटाचा आधार एवढाच होता की जंगलात सागवान नव्हते. त्या रात्री मंडपावर घालायच्या तहशाच्या कातड्यांवरचे टिपणही मी पुसले. तहश म्हणजे नेमका कोणता प्राणी, यावर अभ्यासकांचेच एकमत नाही, आणि मी त्याच्या काळपट रंगावरून ख्रिस्ताचा नम्रपणा सिद्ध करून मोकळा झालो होतो.

मग इब्री लोकांस पत्र पुन्हा काढले. नवव्या अध्यायात लेखक मंडपातल्या वस्तू मोजतो: समई, मेज, धूपवेदी, कोश, मान्ना, अहरोनाची काठी, करूब. आणि ९:५ ला म्हणतो, यांविषयी आता एकेक करून सांगता येत नाही. यादी केली आणि सोडून दिली! मग त्याने धरले काय? मुख्य याजक आतल्या खोलीत वर्षातून एकदाच जातो. रक्त घेतल्यावाचून जात नाही. बाहेरचा मंडप उभा आहे तोवर आतली वाट उघडत नाही. जाणे, नेणे, उघडणे. सगळी क्रियापदे.

तेव्हापासून माझा नियम एकच: नामे सोडा, क्रियापदे धरा. ठसा कृतीत असतो. कोणी काय केले, कोणासाठी केले, त्यामुळे काय झाले, हे तीन प्रश्न. वस्तू कशाची होती, कोणत्या रंगाची, किती, हा प्रश्न मूळ लेखकाने किंवा नव्या कराराने स्वतः उचलला असेल तरच विचारायचा. वल्हांडणाच्या कोकऱ्याचे हाड मोडू नये (निर्गम १२:४६), यावर योहान १९:३६ मध्ये बोट ठेवतो, म्हणून तो तपशील धरायचा. तो कोकरा शेळ्यांतलाही चालत असे (निर्गम १२:५), यावर कोणीच बोलत नाही, तेव्हा आपणही बोलायचे नाही.

पितळी सापावर हा नियम घासून पाहा. गणना २१: साप चावलेल्याने खांबावरच्या पितळी सापाकडे पाहिले की तो वाचत असे. तक्तेवाले इथे अडकतात, कारण साप म्हटला की एदेनातला साप आठवतो, आणि तो ख्रिस्त कसा? मग पितळ म्हणजे न्याय, साप म्हणजे पाप, अशी कसरत सुरू होते. योहान ३:१४ शांतपणे वाचा. मोशेने जसे उंच केले, तसे मनुष्याच्या पुत्राला उंच केले जाणे अवश्य आहे. उंच करणे, पाहणे, वाचणे. तिकडे पाहणे, इकडे विश्वास ठेवणे. संपले. आणि प्रत्येक तपशील जुळलाच पाहिजे असा हट्ट असेल, तर २ राजे १८:४ चे काय करणार? लोक त्या सापापुढे धूप जाळू लागले म्हणून हिज्कीया राजाने त्याचे तुकडे केले. ते तुकडे तक्त्याच्या कोणत्या रकान्यात बसवाल?

हा मोह आजचा नाही. बर्नबाच्या नावाने चालणाऱ्या प्राचीन पत्रात अब्राहामाच्या ३१८ माणसांचा (उत्पत्ती १४:१४) हिशेब आहे. ग्रीक अक्षरांचे अंक धरले तर अठरा म्हणजे येशूच्या नावाची पहिली दोन अक्षरे, तीनशे म्हणजे क्रुसासारखे दिसणारे ताव अक्षर. पत्रकर्ता खूश. पण अब्राहामाची गोष्ट हिब्रूत आहे आणि हे गणित फक्त ग्रीकमध्ये जमते. मराठीतल्या ‘३१८’ कडे बघून मी काय काढू?

एका बाबतीत मात्र मला माघार घ्यावी लागली. इस्राएलाच्या हेरांना लपवणाऱ्या यरीहोच्या राहाबचा, तिच्या खिडकीला बांधलेला किरमिजी दोर. पहिल्या शतकाच्या अखेरीस रोमहून करिंथला गेलेल्या क्लेमेंतच्या पत्रातच तो दोर प्रभूच्या रक्ताची खूण म्हणून येतो. मी त्याची टिंगल करत असे. लाल दिसले की रक्त, मग रिबेकाने वाढलेल्या तांबड्या डाळीचे काय, वगैरे. (डाळ याकोबाने वाढली होती. टिंगलीच्या भरात तेही चुकलो, आणि वर्गात पकडला गेलो.) पुढे यहोशवा २:१८–१९ नीट वाचले. घराला खूण करायची, सगळ्यांना आत जमवायचे, दाराबाहेर जो जाईल त्याचे रक्त त्याच्याच माथी. आता निर्गम १२:२२–२३: दाराला खूण करा, सकाळपर्यंत कोणी दाराबाहेर पडू नये, नाश करणारा घरात शिरणार नाही. ही क्रियापदे ओळीने जुळतात. राहाबच्या घरी एक छोटा वल्हांडणच झाला. दोर लाल होता म्हणून नव्हे. निळा असता तरी माझे म्हणणे हेच राहिले असते. अर्थात इब्री ११:३१ आणि याकोब २:२५ राहाबचा विश्वास आणि तिची कृती सांगतात, दोराचा उल्लेख करत नाहीत. म्हणून माझ्या वहीत दोर वल्हांडणाला पेनाने जोडलेला आहे, क्रुसाला पेन्सिलीने.

‘पण’ लिहिणे

साम्य लिहून झाले की खाली ‘पण’ लिहा आणि फरक मांडा. रोम ५:१४ मध्ये आदामाला प्रतिरूप म्हटल्यावर पुढच्याच वचनात पौल सांगतो की अपराध आणि कृपादान सारखे नाहीत. योना तीन दिवस माशाच्या पोटात. पण योना पळून जात होता, आणि इथे योनापेक्षा थोर कोणी आहे (मत्तय १२:४१). ज्याला ‘पण’ सापडत नाही त्याने प्रतिरूप शोधलेले नाही, योगायोग गोळा केला आहे.

छाया म्हणजे टाकाऊ नव्हे

सार्दीसचा बिशप मेलितो, दुसरे शतक. वल्हांडणावरच्या त्याच्या प्रवचनात एक छान दाखला आहे. कारागीर आधी मेणाचा, मातीचा किंवा लाकडाचा नमुना करतो. खरे काम उभे राहिले की नमुन्याची गरज सरते. आपल्याकडे शाडूचा नमुना करून मग धातूचा पुतळा ओततात, तसेच. दाखला कळतो, पण तो कुठे नेतो पाहा. त्याच प्रवचनात पुढे इस्राएलावर देवाला मारल्याचा आरोप येतो, आणि त्या आरोपाने पुढच्या शतकांत यहुद्यांचे किती हाल केले हा इतिहास आहे. नमुना मोडीत काढला की नमुना जपणारी माणसेही मोडीत काढायला वेळ लागत नाही.

शिकवताना मी एक गोष्ट आवर्जून सांगतो. वल्हांडण संपलेला नाही. आपल्या कोकणातले आणि मुंबईचे बेने इस्राएल, म्हणजे इथले यहुदी लोक, तो पाळत आले आहेत, मराठी बोलणाऱ्या घरांत. १८७४ साली पुण्यात त्यांच्यासाठी हगादा, म्हणजे त्या रात्रीच्या विधीचे पुस्तक, हिब्रूसोबत मराठीत छापले गेले. त्या घरातला एखादा माणूस मागच्या बाकावर बसला आहे असे धरून बोला. त्याच्यासमोर बोलायची लाज वाटेल असे वाक्य आधीच खोडा.

नवा करार गप्प असेल तेव्हा

याकोबाचा मुलगा योसेफ, त्याचे उदाहरण घ्या. त्याला कोणी स्पष्टपणे प्रतिरूप म्हटलेले नाही, आणि तरी प्रत्येक संडे स्कूलमध्ये तो असतोच. वीस रुपये (उत्पत्ती ३७:२८) आणि तीस रुपये (मत्तय २६:१५) यांची जोडी लावतात. मधल्या दहांचा हिशेब महागाईने सांगणारे गृहस्थही मला भेटले आहेत. नाणी सोडा. प्रेषितांची कृत्ये ७ मध्ये स्तेफन अब्राहामापासून सुरुवात करून योसेफापाशी येतो: भावांनी हेव्याने विकले, देव त्याच्याबरोबर होता, दुष्काळात त्यानेच त्यांना जगवले. मग मोशे: ज्याला नाकारले त्यालाच देवाने सोडवणारा म्हणून पाठवले. शेवटी ७:५२ मध्ये नीतिमान पुरुष, त्यालाही धरून दिले. नाकारणे आणि नाकारलेल्यानेच तारणे, ही ओळ स्तेफनाने तीनदा ओढली आहे, पण ‘प्रतिरूप’ हा शब्द उच्चारलेला नाही.

माझ्या वहीत योसेफाचे पान अजून पेन्सिलीतच आहे. दोनदा पेनाने गिरवायला घेतले, दोन्ही वेळा पहिल्या ओळीवर थांबलो.