नागपुरात राहून कंपन्यांवर शोधपत्रकारिता करायची असेल तर

बऱ्याच पोरापोरींना वाटतं की मोठ्या कंपन्यांच्या बातम्या करायच्या म्हणजे मुंबई-दिल्लीच गाठावी लागते. मला हे बिलकुल पटत नाही. वेकोलि (कोळसा काढणारी सरकारी वेस्टर्न कोलफिल्ड्स) आणि मॉइल (मँगनीज काढणारी सरकारी कंपनी) यांची मुख्यालयं इथे, भारतीय खाण ब्युरो इथे, कोराडी-खापरखेडाची वीज केंद्रं शेजारी, बुटीबोरी-हिंगण्याची एमआयडीसी, विमानतळाजवळचा मिहान हा उद्योग प्रकल्प, वरून हायकोर्टाचं खंडपीठ. कागद सगळा इथेच आहे हो, तो वाचणारे कमी आहेत.

आधी एकच धंदा धरा, कोळसा म्हणा नाहीतर वीज, आणि वर्षभर त्यालाच चिकटून राहा. लिस्टेड कंपनी असेल, म्हणजे तिचे शेअर बाजारात विकले जात असतील, तर वार्षिक अहवाल बीएसईच्या (मुंबई शेअर बाजाराच्या) साइटवर फुकट मिळतो. अध्यक्षांचं भाषण आणि हसरे फोटो सोडा, थेट मागे जा, हिशेबाच्या टिपांमध्ये ‘रिलेटेड पार्टी’चा तक्ता शोधा. संचालकांच्या घरच्यांना किंवा त्यांच्याच दुसऱ्या कंपन्यांना किती भाडं, किती कर्ज, किती रुपयांचं काम दिलं ते तिथे असतं. आता मागच्या वर्षीचा तोच तक्ता बाजूला ठेवा आणि एकेक ओळ जुळवा, एखादं नाव गायब झालं किंवा आकडा अचानक फुगला की तिथे पेन्सिलने खूण करा. मग एमसीएच्या (केंद्राच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या) पोर्टलवर त्या संचालकाचा आठ आकडी डीआयएन, म्हणजे संचालक ओळख क्रमांक, बघा, नावाचं स्पेलिंग बदलतं पण हा नंबर तोच राहतो, त्यावरून त्याच्या बाकीच्या कंपन्या सापडतात. यात संध्याकाळच्या संध्याकाळ जातात, पण खरं काम हेच आहे.

आरटीआय खाजगी कंपनीला सहसा लागत नाही, म्हणून अर्ज प्रदूषण नियंत्रण मंडळात, एमआयडीसीत, कलेक्टर ऑफिसात टाकायचा. दहा रुपये फी, महाराष्ट्रात दीडशे शब्दांची मर्यादा आणि एका अर्जात एकच विषय. ‘परवानगी का दिली’ असं विचारलं की टोलवाटोलवी होते, ‘अमुक फाइलवरच्या टिप्पण्यांची प्रत द्या’ असं मागा. तीस दिवसांत उत्तर आलं नाही की लगेच पहिलं अपील, आळस करू नका.

जनसुनावणी, म्हणजे मोठ्या प्रकल्पाला पर्यावरण मंजुरी देण्याआधी लोकांचं म्हणणं ऐकायची जाहीर बैठक, तर अजिबात चुकवू नका. मे २०२३ मध्ये कोराडीच्या नव्या वीजनिर्मिती संचांसाठी झाली होती तशी. नोटीस तीस दिवस आधी पेपरात येते. मंचासमोरच्या खुर्च्यांवर कोण बसलंय, लोक कोणाच्या गाड्यांतून आलेत, बोलायला उठलेल्या बाईला किती वेळ दिला, हे सगळं लिहून घ्या आणि नंतर सरकारी इतिवृत्ताशी ताडून बघा.

छापायच्या आधी कंपनीला लेखी प्रश्न पाठवा, उत्तराला पुरेसा वेळ द्या, मेल जपून ठेवा. बदनामीच्या केसमध्ये हेच कामी येतं. आणि माहिती देणारा कामगार असेल तर त्याचं नाव फोनमध्ये सेव्हसुद्धा करायचं नाही, त्याची नोकरी तुमच्या बातमीपेक्षा मोठी आहे.

पैशाचं स्पष्ट सांगते, सुरुवातीला निव्वळ याच्यावर घर चालत नाही, आणि स्थानिक पेपरांना जाहिराती याच कंपन्यांच्या असतात त्यामुळे काही बातम्या अडतात, अडणारच. म्हणून आधी पेपरात कोर्ट बीट, म्हणजे कोर्टाच्या बातम्यांचं काम, मागून घ्या, पगार सुरू राहतो आणि कंपन्या शपथेवर काय लिहून देतात ते रोज वाचायला मिळतं. सोबत ओळखीचा एक सीए जोडून ठेवा, आकडे छापायच्या आधी एकदा त्याच्या नजरेखालून घालवायचेच.